घरी मिटलेला वाद न्यायालयातही नीट मिटावा

या अंकासाठी निवडलेल्या पत्रांचा विषय एकच आहे. वाद न्यायालयात चालू आहे, दोन्ही बाजूंनी बसून तो आपसात मिटवला आहे, आता न्यायालयात काय करायचे? पत्रलेखकांची नावे व गावे वगळली आहेत आणि पत्रे थोडक्यात दिली आहेत. उत्तरे सर्वसाधारण मार्गदर्शनासाठी आहेत. प्रत्यक्ष पाऊल उचलण्यापूर्वी प्रकरणाची कागदपत्रे आपल्या वकिलांना दाखवावीत.

प्रश्न : वडिलोपार्जित शेतीच्या वाटपासाठी मी थोरल्या भावाविरुद्ध दिवाणी न्यायालयात दावा लावला. कित्येक वर्षे नुसत्या तारखा पडत आहेत. दिवाळीत मामांनी आम्हा दोघांना समोरासमोर बसवले आणि वाटणी ठरली. दादा म्हणतो, आता तू दावा काढून घे, बाकीचे आपण घरातल्या घरात करू. माझा त्याच्यावर विश्वास आहे. दावा काढून घ्यावा का? (सातारा जिल्हा)

उत्तर : दावा काढून घेऊ नका, ठरलेल्या वाटणीप्रमाणे तडजोडीचा हुकूमनामा, म्हणजे न्यायालयाचा औपचारिक निर्णय, करून घ्या. भावावरचा आपला विश्वास ही या प्रकरणातील सर्वांत मोलाची गोष्ट आहे आणि हा सल्ला त्या विश्वासाला धक्का लावणारा नाही. विश्वास दोन माणसांत असतो, जमीन मात्र त्यांच्यामागेही राहते. उद्या आपल्या दोघांपैकी कोणी नसेल, पुतण्यांना किंवा सुनांना दिवाळीतील बैठक ठाऊक नसेल आणि मामाही साक्षीला नसतील, तेव्हा न्यायालयाच्या दप्तरी काय लिहिलेले आहे यावरच सारे ठरेल.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश २३ मध्ये या दोन्ही वाटा शेजारीशेजारी दिलेल्या आहेत. नियम १ दावा काढून घेण्याचा आहे. वादीने तशी पुरसीस (न्यायालयाला दिलेले लेखी निवेदन) दिली की वादीने दावा सोडला एवढीच नोंद रोजनाम्यात (प्रकरणाच्या तारखावार नोंदवहीत) राहते. कोणी काय कबूल केले, कोणाला कोणता तुकडा मिळाला, याचा त्यात मागमूसही नसतो. शिवाय नवा दावा लावण्याची परवानगी न घेता दावा काढून घेतला, तर त्याच मागणीसाठी पुन्हा न्यायालयात येण्याची वाट बंद होते. एकत्र कुटुंबाच्या वाटपाच्या बाबतीत न्यायालयांनी हा नियम पुष्कळ सौम्यपणे लावलेला आहे हे खरे, पण हाती येत असलेला हुकूमनामा सोडून त्या सौम्यपणावर विसंबण्याचे कारण नाही.

नियम ३ तडजोडीचा आहे. कायदेशीर तडजोड झाल्याचे न्यायालयाला दाखवून दिले की न्यायालय ती नोंदवून घेते आणि तिच्याप्रमाणे हुकूमनामा करते. ही तडजोड लेखी आणि पक्षकारांच्या सहीची असली पाहिजे, ही अट १९७६ च्या दुरुस्तीने आली. त्यामुळे मामांसमोर झालेली तोंडी कबुली कितीही मनापासून दिलेली असली तरी तेवढ्याने भागत नाही. तडजोड पुरसीस दाखल झाल्यावर न्यायाधीश साधारणपणे दोन्ही बाजूंना समोर बोलावून विचारतात : मजकूर वाचला का, समजला का, सही आपलीच का, कोणाचा दबाव आहे का. या प्रश्नांकडे उपचार म्हणून पाहू नये. पुढे कोणी ‘मला काही कळलेच नव्हते’ असे म्हटले, तर हीच काही मिनिटे कामी येतात. असा हुकूमनामा वारसांवरही बंधनकारक राहतो आणि कोणी तो पाळला नाही, तर नवा दावा न लावता बजावणीची दरखास्त, म्हणजे हुकूमनामा अमलात आणण्याचा अर्ज, करता येते. तिची सर्वसाधारण मुदत बारा वर्षांची आहे; एखादी कृती करण्याचा आज्ञार्थक मनाई हुकूम असेल तर मात्र ती तीनच वर्षांची आहे.

आता मजकुराविषयी थोडे विस्ताराने लिहितो, कारण तडजोडी बहुधा येथेच फसतात. ‘वादीस त्याचा योग्य हिस्सा द्यावा व विहीर सामाईक राहील’ असे वाक्य सह्यांच्या दिवशी सर्वांनाच समजते, पण पहिल्या उन्हाळ्यात त्याचे दोन अर्थ निघतात. त्याऐवजी गट क्रमांक, प्रत्येकाच्या वाट्याचे हेक्टर-आरमधील क्षेत्र, चारही बाजूंच्या सीमा, ताबा देण्याची तारीख हे सगळे लिहावे आणि मोजणी करून तिचा नकाशा जोडता आला तर फारच उत्तम. विहिरीच्या बाबतीत पाण्याची पाळी कोणत्या वारी कोणाची, मोटर कोणाची, वीजजोडणी कोणाच्या नावावर राहणार आणि बिल कोणत्या प्रमाणात भरायचे, गाळ काढण्याचा खर्च कसा वाटायचा, आतल्या शेतात जाण्यासाठी बैलगाडी व ट्रॅक्टर जाईल एवढा रस्ता कोणत्या बांधाने आणि किती रुंदीचा, हे एकेक कलम करून लिहावे. सोसायटीचे किंवा बँकेचे कर्ज असेल, तर ते कोण फेडणार हेही त्यात यावे. भाऊभावांत असे लिहून घेणे अवघड वाटते, पण तपशील लिहिताना होणारी कुरबूर एका दुपारी संपते, तर न लिहिलेल्या तपशिलावरून होणारे भांडण पुढच्या पिढीपर्यंत जाते.

आणखी काही गोष्टी सह्यांपूर्वी तपासा. दाव्यात नसलेली एखादी मिळकत, उदाहरणार्थ गावठाणातील घर, तडजोडीत घेतली असेल, तर त्या मिळकतीपुरता हुकूमनामा नोंदणी कायद्याच्या कलम १७ मधील सवलतीत बसत नाही; तो नोंदवावा लागतो, म्हणून ती मिळकत दावा दुरुस्त करून आधीच आत घेता येते का हे वकिलांना विचारा. प्रमाणभूत क्षेत्राहून (कायद्याने ठरवलेल्या किमान क्षेत्राहून) लहान तुकडे पाडणारी वाटणी १९४७ च्या तुकडेबंदी कायद्यात अडकते. मुद्रांक शुल्काचा हिशेबही आधीच करून घ्यावा. हुकूमनामा झाला की त्याची प्रमाणित प्रत घेऊन फेरफार नोंदीसाठी लगेच अर्ज करा, कारण सातबारा आपोआप बदलत नाही.

आपल्या पत्रात बहिणींचा उल्लेख नाही. बहिणी असतील, तर हा मुद्दा वरच्या सगळ्याहून महत्त्वाचा आहे. ९ सप्टेंबर २००५ पासून हिंदू वारसा कायद्यातील दुरुस्तीने मुलगीही जन्मतः सहदायाद (वडिलोपार्जित मिळकतीतील हिस्सेदार) ठरली आणि त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये विनीता शर्मा प्रकरणात स्पष्ट केले. दाव्यात पक्षकार नसलेल्या बहिणीवर दोन भावांची तडजोड बंधनकारक होत नाही आणि ‘तिचे काही म्हणणे नाही’ हे भावांनी सांगून चालत नाही. तिला पक्षकार करा, तिच्याशी मोकळेपणाने बोला आणि तिला हिस्सा सोडायचाच असेल, तर तो तिने समजून-उमजून, स्वतःच्या सहीने, न्यायाधीशांसमोर सोडू द्या. बाहेर केलेले हक्कसोडपत्र नोंदणीकृत असावे लागते. मृत भावाची अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, मुले पक्षकार असतील, तर आदेश ३२ नियम ७ प्रमाणे न्यायालयाची स्पष्ट परवानगी घ्यावी लागते. तडजोड मुलांच्या हिताची आहे असे पालकाचे प्रतिज्ञापत्र आणि वकिलाचा दाखला अर्जासोबत द्यावा लागतो. ही परवानगी राहून गेली, तर तडजोड अज्ञानाखेरीज इतर सर्व पक्षकारांविरुद्ध रद्द होण्यास पात्र ठरते.

प्रश्न : एका ठेकेदाराने सिमेंट व लोखंड उधारीवर नेले आणि त्यापोटी दिलेला चेक वटला नाही. कलम १३८ ची फिर्याद चालू आहे. आता तो हप्त्यांनी पैसे द्यायला तयार आहे, पण आधी केस मागे घ्या म्हणतो. हप्त्यांसाठी नवे चेक देतो असेही त्याचे म्हणणे आहे. (नाशिक)

उत्तर : पैसे हाती येण्यापूर्वी फिर्याद मागे घेऊ नये. परक्राम्य संलेख अधिनियमाच्या, म्हणजे चेकसंबंधीच्या कायद्याच्या, कलम १४७ प्रमाणे या कायद्याखालचा प्रत्येक गुन्हा आपसात मिटवता येतो. तेव्हा मार्ग मोकळा आहे. जपायचे आहे ते क्रमाला. हप्त्यांच्या तारखा व रकमा लिहून तडजोड न्यायालयात दाखल करा आणि शेवटचा हप्ता खात्यात जमा झाल्यावरच प्रकरण निकाली काढण्याची विनंती करा.

हप्ते लांबचे असतील, तर प्रकरण लोकअदालतीत ठेवून निवाडा घ्यावा असे मी सुचवीन. लोकअदालतीच्या निवाड्याला १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम २१ ने दिवाणी हुकूमनाम्याचे बळ दिले आहे. चेकच्या फौजदारी प्रकरणातील निवाड्याचीही दिवाणी हुकूमनाम्यासारखीच बजावणी करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये गोविंदन कुट्टी मेनन प्रकरणात म्हटले आहे. म्हणजे ठेकेदाराने मध्येच हात वर केले, तर वसुलीची दरखास्त थेट लावता येते.

नव्या चेकांविषयी सावध राहावे. तडजोडीपोटी घेतलेले चेकही परत गेले, तर जुनी फिर्याद आणि नव्या चेकांची फिर्याद अशा दोन्ही एकाच वेळी चालवता येत नाहीत; तडजोडीनंतर जुनी तक्रार तिच्यातच विलीन होते, हे २०२१ च्या जिम्पेक्स प्रकरणात ठरले आहे. त्यामुळे नवे चेक घ्यायचेच असतील, तर ते न वटल्यास काय होईल हे तडजोडीत लिहून घ्या. शक्य तेथे रक्कम बँकेतून थेट वर्ग करून घ्यावी.

आपल्या ठेकेदाराला एक गोष्ट जरूर सांगावी, कारण ती त्याच्याही फायद्याची आहे. उशिरा तडजोड करणाऱ्या आरोपीवर बसणाऱ्या खर्चाचे प्रमाण २०१० च्या दामोदर प्रभू निकालाने ठरवून दिले होते. सप्टेंबर २०२५ मध्ये, गोव्यातून गेलेल्या संजबिज तारी प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने ते कमी केले. बचावाचा पुरावा नोंदवण्यापूर्वी रक्कम भरली तर न्यायालय खर्च न लावता तडजोड मान्य करू शकते. त्यानंतर पण निकालापूर्वी भरल्यास चेकच्या रकमेच्या ५ टक्के, सत्र किंवा उच्च न्यायालयात ७.५ टक्के आणि सर्वोच्च न्यायालयात १० टक्के अधिक भरावे लागतात. ही रक्कम विधी सेवा प्राधिकरणाकडे किंवा न्यायालय सांगेल तेथे जाते, फिर्यादीला मिळत नाही.

प्रश्न : बांधावरून चुलत्यांशी मारामारी झाली, माझ्या भावाने फिर्याद दिली आणि दोषारोपपत्रही गेले. आता दोन्ही घरे एक झाली आहेत, चुलत्यांच्या मुलीचे लग्नही आमच्याच दारात झाले. पोलीस म्हणतात, केस आता मागे घेता येत नाही. काही जण सांगतात की, साक्षीच्या वेळी ‘आठवत नाही’ म्हणावे, म्हणजे सुटतील. (सांगली जिल्हा)

उत्तर : ‘आठवत नाही’ हा सल्ला कृपया ऐकू नका. शपथेवर खोटे सांगणे हा स्वतंत्र गुन्हा आहे. सरळ मार्ग उपलब्ध असताना आपल्या भावाने फितूर साक्षीदार म्हणून नोंद करून घेण्याची काहीही गरज नाही. हा सल्ला गावोगाव इतक्या सहजतेने दिला जातो, याचे मला मनापासून वाईट वाटते.

फौजदारी खटल्यात फिर्यादी हा खटल्याचा मालक नसतो. खटला शासन चालवते, म्हणून पोलिसांचे म्हणणे अर्धे बरोबर आहे. उरलेला अर्धा भाग भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५९ मध्ये आहे. १ जुलै २०२४ पूर्वी तो जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३२० मध्ये होता. त्यात आपसात मिटवता येणाऱ्या गुन्ह्यांच्या दोन याद्या आहेत. साधी दुखापत पहिल्या यादीत आहे. ती दुखापत झालेली व्यक्ती स्वतःच मिटवू शकते. गंभीर दुखापत दुसऱ्या यादीत आहे. तेथे न्यायालयाची परवानगी लागते. मिटवण्याचा हक्क जखमी व्यक्तीचा आहे हे लक्षात घ्या : मार भावजयीला बसला असेल, तर सही तिची हवी. तडजोड मान्य झाली की आरोपी निर्दोष सुटल्याचा परिणाम होतो.

दोषारोपपत्रातील एखादे कलम या याद्यांत नसेल, तर खालच्या न्यायालयाचे हात बांधलेले असतात. अशा वेळी संहितेच्या कलम ५२८ खाली, म्हणजे जुन्या कलम ४८२ खाली, उच्च न्यायालयात खटला रद्द करण्याचा अर्ज करता येतो. फिर्यादीने प्रतिज्ञापत्र करून तडजोडीला दुजोरा द्यायचा असतो. २०१२ च्या ग्यानसिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने याची दिशा घालून दिली : पैशाचे, व्यापाराचे, घरगुती, म्हणजे मूलतः दोन व्यक्तींमधील स्वरूपाचे वाद मिटल्यास खटला रद्द करता येईल, खून, बलात्कार, दरोडा यांसारख्या गुन्ह्यांत मात्र पीडित किंवा त्याचे कुटुंब तयार असले तरी नाही. विवाहितेच्या छळाचे कलम केंद्रीय कायद्याच्या यादीत नाही, पण पती-पत्नींमध्ये समेट झाल्यावर असे खटले याच मार्गाने संपतात. २००३ च्या बी. एस. जोशी प्रकरणापासून ही वाट रुळलेली आहे. आपल्याला या कामासाठी आता मुंबई गाठावी लागणार नाही. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले असून सांगली जिल्हा त्याच्या कक्षेत येतो.

प्रश्न : आमच्या वस्तीतील एका शाळकरी मुलीच्या विनयभंगाचा गुन्हा नोंद झाला होता. आता गावातील चार मोठ्या माणसांनी बसून प्रकरण मिटवले आहे, मुलीच्या वडिलांना काही रक्कम दिली आहे आणि कागदावर सह्या घेतल्या आहेत. हे कायद्यात बसते का? (एक शिक्षिका)

उत्तर : नाही. अल्पवयीन मुलीवरील लैंगिक गुन्हा पोक्सो, म्हणजे बालकांना लैंगिक गुन्ह्यांपासून संरक्षण देणाऱ्या, कायद्याखाली येतो. तो मिटवण्याचा अधिकार गावाला नाही आणि मुलीच्या वडिलांनाही नाही. राजस्थानात एका शिक्षकावरील अशाच आरोपाचा खटला मुलीच्या वडिलांशी झालेल्या तडजोडीवरून उच्च न्यायालयाने रद्द केला होता. सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये रामजी लाल बैरवा प्रकरणात तो आदेश फिरवला आणि खटला पुढे चालवायला लावला. असा गुन्हा खासगी स्वरूपाचा मानता येत नाही, हेही त्यात स्पष्टपणे सांगितले आहे. गुन्हेगाराला शिक्षेपासून वाचवण्यासाठी पैसे देणे व घेणे हाच गुन्हा आहे. ज्या माणसांनी ही बैठक घेतली, त्यांना हे सांगायला हवे. आपण ही माहिती तपास अधिकाऱ्यांना किंवा सरकारी वकिलांना द्यावी. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मुलीला विनामूल्य वकील मिळू शकतो. मुलगी शाळेत येत राहील आणि तिच्याशी कोणी या विषयावर दटावून बोलणार नाही, एवढे आपण आपल्या हातात नक्की ठेवू शकता.

प्रश्न : सासऱ्यांच्या घरासंबंधीच्या दाव्यात दिरांनी ‘केस मिटवायची आहे’ म्हणून माझ्या सह्या घेतल्या. आता कळते की, त्या कागदाप्रमाणे मी माझा हक्क सोडला आहे आणि हुकूमनामाही झाला आहे. मी नवा दावा लावू का? (नागपूर)

उत्तर : नवा दावा लावू नका, तो टिकणार नाही आणि त्यात आपला वेळ जाईल. तडजोड बेकायदेशीर होती या कारणावरून हुकूमनामा रद्द करण्यासाठी वेगळा दावा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम ३-अ ने बंद केला आहे आणि संमतीच्या हुकूमनाम्यावर त्याच संहितेच्या कलम ९६(३) प्रमाणे अपीलही नाही. आपला मार्ग त्याच न्यायालयात, त्याच प्रकरणात अर्ज करण्याचा आहे. तडजोड वैध होती की नाही हे ज्या न्यायालयाने ती नोंदवली तेच ठरवेल, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ च्या पुष्पा देवी भगत प्रकरणात म्हटले आहे. करार कायद्याखाली फसवणूक, दबाव किंवा दिशाभूल करून मिळवलेली संमती असेल, तर ती तडजोड नियम ३ च्या दृष्टीने कायदेशीर मानली जात नाही.

मात्र नंतर झालेला पस्तावा आणि फसवणूक या दोन गोष्टी न्यायालय वेगवेगळ्या मानते. म्हणून सर्वप्रथम संपूर्ण दप्तराच्या प्रमाणित प्रती मागवा आणि तीन गोष्टी पाहा : त्या तारखेच्या रोजनाम्यात आपण स्वतः हजर असल्याची नोंद आहे का, पुरसीशीवर मजकूर वाचून दाखवल्याचे लिहिले आहे का, आणि आपल्या बाजूने वकीलपत्र कोणी दाखल केले होते. आपला वकील दिरांनीच नेमला असेल, तर तो मुद्दा अर्जात ठळकपणे मांडा. वकील पक्षकाराच्या वतीने तडजोडीवर सही करू शकतो, पण त्यासाठी पक्षकाराची स्पष्ट सूचना असावी लागते, असे सर्वोच्च न्यायालयाने बजावले आहे. फसवणूक केव्हा आणि कशी कळली, हे तारखेसह लिहा आणि अर्जाला उशीर करू नका. थांबलेला प्रत्येक महिना आपल्याविरुद्ध वापरला जाईल. हाच निवाडा लोकअदालतीत झालेला असेल, तर मार्ग बदलतो. तेव्हा उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते.

प्रश्न : दावा आपसात मिटला तर भरलेले न्यायशुल्क परत मिळते का? (पुणे)

उत्तर : लोकअदालतीत मिटल्यास विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम २१ प्रमाणे मिळते. पक्षकारांनी न्यायालयाबाहेर स्वतःच मिटवले, तर परतावा नाकारला जात असे. मध्यस्थी केंद्रात जाऊन वाद मिटवणाऱ्याला परतावा आणि न्यायालयाचा तेवढाही वेळ न घेता घरीच मिटवणाऱ्याला नाही, ही विसंगती सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२१ मध्ये एम. सी. सुब्रमण्यम प्रकरणात दूर केली. तो निकाल तमिळनाडूच्या न्यायशुल्क कायद्यासंबंधी आहे, पण त्यातील दिवाणी संहितेच्या कलम ८९ चा अर्थ आपल्याकडेही मांडता येतो. तडजोड पुरसीस देतानाच परताव्याची विनंती त्यात लिहावी आणि दावा निकाली काढण्याच्या आदेशात परताव्याचा उल्लेख आला आहे का, हे प्रत हाती येताच पाहून घ्यावे. तो राहिला असेल, तर लगेच वेगळा अर्ज द्यावा.